‘बेंगाल’ नौकेची झुंज

१९४२ सालच्या नोव्हेंबर महिन्याच्या १७ तारखेस हिंदी महासागराच्या मध्यावर असलेल्या दिएगो गार्सिया या प्रवाळबेटाच्या बंदरांत एक छोटी लढाऊ नौका येऊन नांगरली. तिच्या अंगावर तोफगोळ्यांचे घाव होते, मुख्य तोफेचा दारूगोळा संपत आला होता, आणि जें जहाज सुखरूप पोंचविण्याची कामगिरी तिच्याकडे होती तें तिच्या सोबत नव्हतें. शत्रूचें एक मोठें जहाज बुडालें, परंतु आपल्या रक्षणाखालील टँकरही बुडाला, असा तिच्या कप्तानाचा वृत्तांत होता. दुसऱ्याच दिवशीं, तेथून अडीच हजार मैलांहून अधिक अंतरावर, ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम किनाऱ्यावरील फ्रीमँटल बंदरांत तोच ‘बुडालेला’ टँकर स्वतःच्या इंजिनाच्या बळावर आंत शिरला. कुशीला भगदाडें पडलेलीं, कप्तान मृत, कांहीं खलाशी जखमी. पण जहाज तरतें होतें.

नौकेचें नांव ‘बेंगाल’ आणि टँकरचें नांव ‘ओंडिना’. पहिली त्या काळच्या रॉयल इंडियन नेव्हीची, म्हणजे हिंदी आरमाराची. दुसरा हॉलंडच्या मालकीचा. ११ नोव्हेंबर १९४२ रोजीं या दोघांनीं मिळून जी लढाई दिली ती दुसऱ्या महायुद्धांतील हिंदी आरमाराच्या इतिहासांतील सर्वांत प्रसिद्ध लढाई होय. प्रसिद्ध असूनही ती वादग्रस्त राहिली आहे, आणि तो वाद समजून घेतल्यावांचून या नौकेची खरी योग्यता ध्यानांत येत नाहीं.

‘बेंगाल’ ही कांहीं जन्मानें वीरनौका नव्हती. समुद्रांत पेरलेले सुरुंग काढणें, व्यापारी जहाजांसोबत जाणें, पाणबुड्यांवर नजर ठेवणें, अशीं किरकोळ वाटणारीं पण नित्याचीं कामें करण्यासाठीं ऑस्ट्रेलियानें युद्धकाळांत ‘बॅथर्स्ट’ वर्गाच्या एकंदर ६० नौका बांधल्या. त्यांतील चार हिंदी आरमाराच्या वांट्यास आल्या. ‘बॉम्बे’, ‘मद्रास’, ‘बेंगाल’ आणि ‘पंजाब’ अशीं त्यांचीं नांवें ठेवण्यांत आलीं. ‘बेंगाल’ सिडनी येथील कॉकाटू गोदींत बांधली गेली आणि २८ मे १९४२ रोजीं पाण्यांत उतरली. वजन सुमारें ६५० टन, लांबी १८६ फूट, वेग ताशीं पंधरा सागरी मैल. मुंबईच्या बंदरांत येणाऱ्या विलायती प्रवासी बोटींशेजारीं ती उभी केली असती तर एखादें गलबत उभें आहे असाच भास झाला असता. याच वर्गाच्या कांहीं नौकांवर चार इंची तोफ होती. ‘बेंगाल’च्या पुढच्या बाजूस मात्र बारा पौंडी तोफ बसविलेली होती, म्हणजे जिचा गोळा अवघा सुमारें सहा शेर वजनाचा. यांशिवाय विमानांवर मारा करण्यासाठीं कांहीं हलक्या तोफा. एवढें तिचें सामर्थ्य.

ऑगस्ट १९४२ मध्यें ती आरमारांत दाखल झाली. त्याच महिन्याच्या ८ तारखेस मुंबईस गोवालिया तलावाच्या मैदानावर ‘चले जाव’चा ठराव संमत झाला होता, आणि दुसऱ्या दिवशींच्या पहाटेपासून देशभर धरपकडीचें सत्र सुरू झालें होतें. एकीकडे देश परक्या सत्तेस निघून जा म्हणून बजावीत होता, आणि दुसरीकडे त्याच देशाचे तरुण त्या सत्तेच्या निशाणाखालीं दूर सिडनीस एका नव्या नौकेचा ताबा घेत होते. त्या तरुणांना देशद्रोही म्हणणें सोपें आहे, आणि साम्राज्याचे निष्ठावंत सेवक म्हणून त्यांचा गौरव करणें तर त्याहून सोपें. सरकारी प्रचारकांनीं पुढें तेंच केलें. परंतु खलाशाचा धंदा पोटासाठीं पत्करलेला असतो, आणि एकदां समुद्रावर गेल्यावर त्याची पहिली निष्ठा आपल्या नौकेशीं आणि शेजारच्या माणसाशीं जडते, हें विसरून चालत नाहीं.

या आरमाराचें महाराष्ट्राशीं जुनें नातें होतें. पूर्वींच्या ‘रॉयल इंडियन मरीन’च्या काळापासून खलाशांची मोठी भरती रत्नागिरी जिल्ह्यांतील कोंकणी मुसलमानांतून होत असे, आणि मुंबई हेंच त्याचें मुख्य ठाणें होतें. १९३४ साली या दलास रॉयल इंडियन नेव्ही असें नांव मिळालें. १९३९ साली युद्ध सुरू झालें तेव्हां त्यांतील माणसें दोन हजारांच्या आंतबाहेर आणि लढाऊ नौका बोटांवर मोजण्याइतक्या. युद्ध संपेपर्यंत माणसांची संख्या पंचवीस हजारांच्या पुढें गेली. पंजाब, बंगाल, मद्रास अशा सर्व प्रांतांतून, कित्येक तर समुद्र कधीं न पाहिलेल्या खेड्यांतून, तरुण भरती झाले. वरिष्ठ अधिकारी बहुतेक गोरेच होते. ‘बेंगाल’चें आधिपत्य रॉयल इंडियन नेव्हल रिझर्व्हच्या लेफ्टनंट कमांडर विल्यम जोसेफ विल्सन यांच्याकडे होतें.

त्या वर्षाची परिस्थिति थोडी आठवली पाहिजे. फेब्रुवारी १९४२ मध्यें सिंगापूर पडलें, मार्चमध्यें जावा पडलें, आणि त्याबरोबर डच ईस्ट इंडीजमधील तेलाच्या विहिरी जपानच्या हातीं गेल्या. ब्रह्मदेशाचें तेलही गेलें. एप्रिलमध्यें जपानी आरमारानें कोलंबो व त्रिंकोमाली येथें विमानहल्ले केले. विशाखापट्टण आणि काकिनाडा येथेंही बाँब पडले. हिंदी आरमाराची ‘इंडस’ ही नौका ६ एप्रिल रोजीं अक्याब येथें विमानांच्या माऱ्यानें बुडाली. आतां ऑस्ट्रेलियास तेल मिळवावयाचें तर तें इराणच्या आखातांतून, आबादानहून, संबंध हिंदी महासागर ओलांडून आणावें लागे. त्यामुळें टँकर हें जहाज लढाऊ नौकेइतकेंच मोलाचें झालें होतें, आणि शत्रूलाही तें चांगलें ठाऊक होतें.

‘ओंडिना’ हा असाच एक टँकर. सुमारें ६,३०० टनांचा, वेग ताशीं बारा मैल, खलाशी डच आणि चिनी, कप्तान विलेम हॉर्समन. त्याच्या मागच्या बाजूस चार इंची तोफ बसविलेली होती आणि तिच्यासाठीं ३२ गोळे दिलेले होते. बत्तीसच. ५ नोव्हेंबर रोजीं फ्रीमँटलहून तो दिएगो गार्सियाकडे निघाला. ‘बेंगाल’ही त्याच वाटेनें हिंदुस्थानाकडे यावयाची होती, म्हणून तिला त्याची सोबत करण्यास सांगण्यांत आलें. दुबळ्यास दुबळ्याची सोबत, असाच तो प्रकार होता.

त्याच सुमारास सिंगापूरहून दोन जपानी जहाजें शिकारीस बाहेर पडलीं होतीं. ‘होकोकु मारू’ आणि ‘आइकोकु मारू’ हीं त्यांचीं नांवें. मूळचीं हीं ओसाका शोसेन कंपनीचीं अगदीं नवीं प्रवासी जहाजें, प्रत्येकीं १०,४०० टनांचीं. (व्यापारी जहाजाचा टन आणि लढाऊ नौकेचा टन हीं मापें एकाच प्रकारचीं नव्हेत, तरीही ६५० आणि १०,४०० या आंकड्यांमधील अंतर डोळ्यांत भरल्यावांचून राहत नाहीं.) जपानी आरमारानें तीं ताब्यांत घेऊन प्रत्येकावर साडेपांच इंची आठ तोफा, टॉर्पेडोच्या नळ्या आणि समुद्रावर उतरणारीं विमानें चढविलीं होतीं. त्यांचा वेग ताशीं एकवीस मैल होता. त्याच वर्षाच्या मे महिन्यांत त्यांनीं ‘जेनोटा’ हा डच टँकर जिवंत पकडला होता, जूनमध्यें ‘एलिसिया’ हें ब्रिटिश जहाज निकामी केलें होतें, आणि जुलैंत न्यूझीलंडचें ‘हाउराकी’ धरून नेलें होतें. एकट्यादुकट्या व्यापारी जहाजास गांठावें, त्यानें नांगी टाकली तर तें धरून न्यावें, नाहीं तर बुडवावें, अशी ही चांचेगिरीच्या जुन्या धाटणीची लढाई होती.

११ नोव्हेंबर. पहिलें महायुद्ध ज्या तारखेस थांबलें तीच तारीख. दुपारचे बारा वाजण्याच्या सुमारास, कोकोस बेटांच्या नैर्ऋत्येस सुमारें ५०० मैलांवर, ‘बेंगाल’वरील टेहळ्यास क्षितिजावर एक अनोळखी जहाज दिसलें, थोड्याच वेळांत त्याच्यामागें दुसरें दिसलें. ओळख पटण्यास फार वेळ लागला नाहीं.

येथें रक्षक नौकेचें काम म्हणजे काय, याचा विचार करणें भाग आहे. लढाऊ जहाजाचें यश शत्रूला बुडविण्यांत असतें. रक्षक नौकेचें यश सोबतच्या जहाजाला वांचविण्यांत असतें. शत्रू प्रबळ असेल तर तिनें मध्यें उभें राहून त्याचा वेळ खावा, त्याच्या तोफा आपल्याकडे वळवून घ्याव्या, आणि तेवढ्या अवधींत सोबतच्या जहाजानें निसटावें, हा दर्यावरचा रूढ नियम. अशा वेळीं रक्षक नौका बुडणार हें गृहीतच असतें. विल्सन यांनीं नेमकें हेंच केलें. ‘ओंडिना’स स्वतंत्रपणें निघून जाण्याचा इशारा देऊन त्यांनीं ‘बेंगाल’चें तोंड सरळ पुढच्या जपानी जहाजाकडे वळविलें आणि पूर्ण वेगानें त्याच्या अंगावर नौका घातली.

त्यांत शौर्य होतें तसें शहाणपणही होतें. आडवी नौका तोफेला मोठें लक्ष्य देते, समोरून येणारी नौका अगदींच अरुंद दिसते. शिवाय बारा पौंडी तोफेचा उपयोग दुरून होण्यासारखा नव्हता. जवळ जाणें हाच तिला एक मार्ग होता. ‘होकोकु मारू’च्या एकेका गोळ्याचें वजन ८० पौंडांच्या घरांत, आणि त्याला जबाब बारा पौंडांचा.

हॉर्समननें मात्र पळून जाण्याचा हुकूम पाळला नाहीं. बारा मैलांच्या वेगानें एकवीस मैलांच्या जहाजापासून पळतां येत नाहीं, हा साधा हिशेब त्यानें केला असावा. शिवाय त्याची चार इंची तोफ ‘बेंगाल’च्या तोफेहून मोठी होती. म्हणून ज्याचें रक्षण करावयाचें तोच लढाईंत उतरला, आणि दोन्ही नौका एकाच शत्रूवर मारा करूं लागल्या. ‘होकोकु मारू’चे तोफा डागणारे कांहीं नवशिके नव्हते, तरीही त्यांचे गोळे पहिल्या कांहीं मिनिटांत नेमके बसले नाहींत. आणि तेवढ्यांत एक गोळा ‘होकोकु मारू’च्या उजव्या बाजूस टॉर्पेडोच्या नळ्यांपाशीं जाऊन फुटला.

पुढील प्रकार फार भयंकर झाला. टॉर्पेडोंचा स्फोट झाला, पेटलेली आग मागच्या बाजूस पसरत गेली, विमानासाठीं ठेवलेलें पेट्रोल भडकलें, आणि अखेर दारूगोळ्याच्या कोठाराचा स्फोट होऊन जहाज मागच्या बाजूनें खचलें. दुपारीं एकनंतर थोड्याच वेळानें तें समुद्राच्या तळाशीं गेलें. त्याच्यावरील ३५४ माणसांपैकीं ७६ माणसें, त्यांत त्याचा कप्तान इमाझातो हिरोशी, दगावलीं. प्रवासी जहाजावर उघड्या डेकवर टॉर्पेडो, पेट्रोल आणि दारूगोळा रचला कीं त्याच्या अंगीं लढाऊ जहाजाचें बळ येतें, पण लढाऊ जहाजाचें चिलखत येत नाहीं. त्या दिवशीं ही उणीव जपान्यांना भोंवली.

तथापि लढाई संपली नव्हती. ‘आइकोकु मारू’ शाबूत होती आणि आतां तिच्या तोफा दोघांवरही चालूं लागल्या. ‘बेंगाल’ला गोळे लागले. तिच्यावरील एकही माणूस ठार झाला नाहीं, ही गोष्ट आजही नवल वाटण्यासारखी आहे. पण मुख्य तोफेचे गोळे संपत आले. विल्सन यांनीं धुराचा पडदा उभा करून नौका मागें घेतली. जातांना त्यांना ‘ओंडिना’वर गोळे आदळतांना दिसले होते, आणि तो टँकर आतां गेलाच अशी त्यांची समजूत झाली. दिएगो गार्सियास दिलेल्या त्या चुकीच्या वृत्ताचें मूळ हें.

रक्षकानें रक्षिताला सोडून जाणें योग्य होतें काय? बोटींत बसून धुराआड नाहींशी होणारी ‘बेंगाल’ पाहणाऱ्या डच खलाशांना तें कसें वाटलें असेल, याची कल्पना करणें कठीण नाहीं. पण दारूगोळा संपलेली नौका थांबली असती तर एकाऐवजीं दोन जहाजांवर संकट आलें असतें, आणि ‘ओंडिना’चा त्यांत कांहींच लाभ नव्हता. विल्सन यांनीं पहिला निर्णय घेतला तेव्हां आपल्या नौकेचा बळी देण्याची त्यांची तयारी होती, हें विसरतां येत नाहीं. निष्फळ बळी त्यांनीं दिला नाहीं एवढेंच. त्यांना दोष द्यावयाचा झाला तर तो एकच देतां येईल, कीं ‘बुडाला असावा’ ही समजूत वृत्तांतांत ‘बुडाला’ अशी होऊन बसली.

‘ओंडिना’चे हाल तर आतांच सुरू झाले होते. त्याचे बत्तीस गोळे संपले. हॉर्समननें इंजिनें थांबवून जहाज सोडण्याचा हुकूम दिला, आणि त्याच वेळीं पुलावर फुटलेल्या गोळ्याच्या तुकड्यानें तो स्वतः ठार झाला. खलाशी बोटींत उतरले. ‘आइकोकु मारू’ अगदीं जवळ आली, तिनें टँकरच्या कुशींत दोन टॉर्पेडो मारले, आणि नंतर बोटींतील निःशस्त्र माणसांवर मशीनगन चालविल्या. मुख्य इंजिनिअर आणि कांहीं चिनी खलाशी त्यांत मरण पावले. आपल्या सोबत्यांना पाण्यांत तडफडतांना पाहिल्याचा तो संताप असेल. पण बोटींत उतरलेल्या माणसांवर गोळ्या घालणें कोणत्याही देशाच्या दर्यावर्दी धर्मांत बसत नाहीं. यानंतर जपानी जहाज वळलें, बुडालेल्या ‘होकोकु मारू’चे २७८ लोक त्यानें उचलून घेतले, आणि कलंडलेला टँकर आपोआप बुडेल अशा समजुतीनें तें निघून गेलें. म्हणजे शत्रू आणि मित्र, दोघांचीही चूक एकच झाली.

टँकर बुडाला नाहीं, याचें कारण त्याच्या रचनेंत आहे. तेलवाहू जहाजाचें पोट एकसलग नसून मजबूत भिंतींनीं अनेक टाक्यांत विभागलेलें असतें. दोन-तीन टाक्या फुटल्या तरी बाकीच्या त्याला तरंगत ठेवतात. जपानी जहाज दिसेनासें झाल्यावर उरलेले खलाशी पहिला अधिकारी रेविंकेल याच्या नेतृत्वाखालीं पुन्हां जहाजावर चढले. त्यांनीं आगी विझविल्या, दुसऱ्या बाजूच्या टाक्यांत पाणी सोडून कललेलें जहाज सरळ केलें, इंजिनें पाहिलीं तों तीं चालण्यासारखीं होतीं. मग त्यांनीं नाक पुन्हां फ्रीमँटलकडे वळविलें. पोटांत समुद्र घेऊन सात दिवस केलेला हा प्रवास लढाईपेक्षां कमी धाडसाचा होता असें कोण म्हणेल?

आतां उरतो तो मुख्य वाद. तो गोळा कोणाचा? ब्रिटिश आणि हिंदी वृत्तांतांनीं त्याचें श्रेय बहुधा ‘बेंगाल’ला दिलें, डच लेखकांनीं ‘ओंडिना’ला. दोन्ही तोफा एकाच वेळीं एकाच लक्ष्यावर मारा करीत होत्या, आणि ज्यांना त्या गोळ्याचा मार्ग जवळून दिसला ते बहुतेक जहाजाबरोबर गेले. चार इंची गोळा बारा पौंडी गोळ्याच्या अडीचपट वजनदार असतो, यावरून ‘ओंडिना’चा पक्ष बळकट दिसतो. उलट, उघड्यावर ठेवलेला टॉर्पेडो फोडण्यास जड गोळाच लागतो असें नाहीं, आणि जवळ गेलेल्या ‘बेंगाल’ला नेम धरणें अधिक सोपें होतें. पुराव्याचा कल किंचित् डचांकडे झुकतो असें म्हणणें प्रामाणिकपणाचें होईल. पण असें म्हटल्यानें ‘बेंगाल’चें महत्त्व कमी होत नाहीं. ती जवळ गेली नसती तर ‘होकोकु मारू’च्या आठही तोफांना टँकरखेरीज दुसरें लक्ष्य उरलें नसतें, आणि मग ‘ओंडिना’च्या तोफेला तो गोळा टाकण्याइतका अवधि मिळाला असता कीं नाहीं याची शंकाच आहे. रक्षक नौकेचा हिशेब बुडविलेल्या शत्रूंवरून न मांडतां तिनें दुसऱ्यास मिळवून दिलेल्या मिनिटांवरून मांडावा लागतो.

विल्सन यांना डी. एस. ओ. हा सन्मान मिळाला. हिंदी खलाशांपैकीं कांहींना इंडियन डिस्टिंग्विश्ड सर्व्हिस मेडल मिळालें. हॉलंडच्या सरकारनें हॉर्समन यास मरणोत्तर आपला सर्वोच्च लष्करी सन्मान दिला. सरकारी प्रसिद्धीनें ‘बेंगाल’चें नांव देशभर गाजविलें, कारण भरतीसाठीं तें उपयोगी होतें. त्याच आरमारांतील हिंदी खलाशांना मिळणारें अन्न, पगार आणि वागणूक यांची मात्र तितकीशी प्रसिद्धि झाली नाहीं. ती झाली फेब्रुवारी १९४६ मध्यें, जेव्हां मुंबईच्या ‘तलवार’ या संदेशशाळेंतील खलाशांनीं अन्नाच्या आणि वागणुकीच्या प्रश्नावर काम बंद केलें आणि तो वणवा एका बंदरांतून दुसऱ्या बंदरांत पसरला. १९४२ साली ज्यांना शूर म्हणून गौरविलें त्यांच्याच बांधवांना चार वर्षांच्या आंत बंडखोर म्हणावें लागलें, यांत सरकारला विसंगति वाटली नसावी.

‘होकोकु मारू’ बुडाल्यानंतर अशा सशस्त्र व्यापारी जहाजांना हिंदी महासागरांत शिकारीस पाठविण्याचा उद्योग जपाननें पुढें चालविला नाहीं. ‘आइकोकु मारू’ १७ फेब्रुवारी १९४४ रोजीं प्रशांत महासागरांतील ट्रुक येथें अमेरिकन विमानांच्या हल्ल्यांत बुडाली. ‘ओंडिना’ दुरुस्त होऊन पुन्हां तेल वाहूं लागला. ‘बेंगाल’ युद्ध संपेपर्यंत रक्षणाच्या कामावर राहिली. १९४७ साली देशाबरोबर आरमाराचीही वांटणी झाली, तेव्हां ‘बॉम्बे’ आणि ‘मद्रास’ यांच्यासह ती भारताच्या वांट्यास आली. आणि २६ जानेवारी १९५० पासून, ‘रॉयल’ हा शब्द गळाल्यावर, स्वतंत्र प्रजासत्ताकाच्या नौदलाची नौका म्हणून आणखी सुमारें दहा वर्षें तिनें नोकरी केली.